अक्षत ध्वनी आणि क्षतीचा हिशोब

फ्रांको बात्तियातो यांच्या 1981 मधील इटालियन गीतसंग्रहाचे नाव 'ला व्होचे देल पाद्रोने', म्हणजे 'धन्याचा आवाज'. कर्ण्यातला धन्याचा स्वर ओळखणारे कुत्रे हे ज्या एचएमव्हीचे बोधचिन्ह, तिचेच हे इटालियन नाव. त्याच बोधचिन्हाखाली, 1982 साली मुंबईत चरणजित सिंग यांनी वाजवलेली 'सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट' ही ध्वनिमुद्रिका निघाली. अशा मुद्रिका आज अक्षत, म्हणजे माहितीचा एकही अंश न गाळणाऱ्या अंकीय प्रतीतून ऐकण्याचा आग्रह धरला जातो. या आग्रहामागे इमानाची कल्पना आहे. प्रश्न असा की, हे इमान कशाशी?

गायकाच्या मुद्रणात मूळ आवाज आणि प्रत असा भेद करता येतो. सिंगांच्या रोलँड टीआर-808 यंत्रातला ठेका मात्र कोणत्याही तबल्याची नोंद नाही. तो विद्युतमंडलातच जन्मतो. त्याचे 'मूळ' हवेत कधी नव्हतेच. शिवाय सप्तकाचे बारा समान भाग करणाऱ्या पट्ट्यांवर तोडी उतरवताना श्रुतींचे सूक्ष्म भेद आधीच गळतात. अक्षत प्रत या गळतीचेही निष्ठेने जतन करते. परंतु ही क्षती कलावंताने पत्करलेली आहे. कलाकृतीचे रूप तिच्यातूनच सिद्ध होते.

लादलेल्या क्षतीचे तसे नाही. मुंबईला वीज पुरवणारी जलविद्युतकेंद्रे खालापूर तालुक्यात खोपोलीला 1915 साली आणि कर्जत तालुक्यात भिवपुरीला 1922 साली सुरू झाली. त्यांना पाणी देणाऱ्या घाटमाथ्यावरील तलावांखाली मावळातल्या जमिनी गेल्या. शहरातल्या मीटरवर त्यांची नोंद नसते; मीटर जिथे बसवला, तिथून पुढचेच मोजतो.

'अक्षत' ही संज्ञाही अशीच मीटरसारखी आहे. मुद्रणानंतरचा प्रत्येक अंश ती राखते. सिंगांच्या वाट्याला आलेली सुमारे पाव शतकाची उपेक्षा तिच्या हिशोबात येत नाही. 2010 साली एका डच संस्थेने ही मुद्रिका पुन्हा काढली, तेव्हा तिचा गौरव झाला तो बहुधा शिकागोतील 'अ‍ॅसिड हाउस'ची पूर्वज म्हणून. एकही अंश न गमावता ऐकलेली कलाकृती अशी दुसऱ्याच्या वंशावळीत हरवू शकते. सिंग 2015 साली निवर्तले.

तात्पर्य, प्रतीची शुद्धता ही आस्वादाची पूर्वअट असेल. ती आस्वादकाला दायित्वातून मुक्त करत नाही. क्षतीचा हिशोब कोणी, कोठून मांडायला घेतला, हे विचारणे त्याच्याकडे उरतेच.