अभय कुणी द्यायचं?

आमच्या कर्जत तालुक्यात रेहेकुरीचं अभयारण्य आहे. काळविटांसाठी १९८० साली राखलेलं. क्षेत्र २.१७ चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या हिशेबानं सव्वापाचशे एकराच्या थोडं वर. सगळा जन्म याच तालुक्यात गेला, पण ते बघायला मी गेलो साठी उलटल्यावर. तेही पुण्याहून लेक-जावई आले अन् नातवानं हट्ट धरला म्हणून. हरणं बघायला मुद्दाम कशाला जायचं? ती तर न बोलावता आपल्या रानात येतात.

आत हिवर, बाभळी अन् मधे मोकळं गवत. पुढं कळप दिसला तशी सगळी माणसं कुजबुजत बोलायला लागली. एक नर मान वर करून उभा होता. पाठ काळी कुळकुळीत, पोट पांढरं, पीळ घातल्यासारखी शिंगं. जावई हळूच म्हणाले, "मामा, काय रुबाब आहे बघा!"

रुबाब होताच. पण माझी नजर आधी गेली ती त्याच्या तोंडाकडं. काय खातोय ते बघायला. कुणब्याची नजर, दुसरं काय! अन् मग त्या शिंगांकडं बघता बघता मला दोन वर्षांमागची पहाट आठवली.

त्या साली हरभरा चांगला होता. हरणं शेंडे ठेवीनात. जुन्या साड्या बांधल्या, डबे वाजवले, राती जागल्या. शेवटी उसने पैसे काढून नायलॉनची जाळी लावली. एके पहाटे गेलो तर जाळीत नर अडकलेला. शिंगांना जाळीचे वेढे बसलेले, धडपडून धडपडून तो आडवा झालेला. मी विळा घेऊन उभा राहिलो. खोटं कशाला सांगू, लगेच पुढं झालो नाही. मनात आलं, मी काय याला मारलं नाही, आपसूक अडकलाय. आपण पाहिलंच नाही म्हणावं अन् घरी जावं. नवी जाळी कापायची म्हणजे पैसे जातात. असा किती वेळ गेला ठाऊक नाही. मग त्याचा डोळा माझ्याकडं वळला. मी जाळी कापली. दोनदा पडत तो उठला अन् गेला.

हे मी घरातसुद्धा कुणाला सांगितलं नव्हतं. सोडला त्याचं काही नाही. थांबलो त्याची लाज होती.

अभयारण्यात ते सगळं वर आलं. अभय देणारं अरण्य ते अभयारण्य. पण अभय देतं कोण? फाटकावरची पाटी? आम्ही तिथं नुसते बघे होतो. त्या काळविटानं आमचं काही खाल्लेलं नव्हतं, त्यामुळं आमच्या कौतुकाला मोल पडलं नाही. १९७२ च्या कायद्यानं त्याला अभयारण्याबाहेरही संरक्षण आहे, अन् ते असायलाच पाहिजे. पण रात्री दोन वाजता बांधावर कायदा उभा नसतो. तिथं असतो एक माणूस, त्याच्या हातातला दगड अन् पुढ्यात खाल्लेलं पीक. ज्याचं नुकसान झालंय अन् ज्याला मारणं सहज शक्य आहे, त्यानं हात आवरला तरच ते खरं अभय.

म्हणून शेतकऱ्यानंच सगळं सोसावं, असं मी म्हणत नाही. पिकाची भरपाई वेळेवर अन् पुरती मिळाली पाहिजे. भुकेल्या माणसाला दयेचा उपदेश करणं हेही पापच. पण भरपाई मिळाली म्हणून माझा प्रश्न मिटत नाही. त्या पहाटे मी का थांबलो, याचं उत्तर मलाच द्यायचंय.

परत येताना नातू म्हणाला, "आबा, आपल्या रानात येतं ते हेच का?" म्हटलं, "हेच रे. त्याला कुठं हद्द कळतीय!"

यंदाही हरभरा आहे. साड्या बांधल्यात, राखणीला जातो, हाकलतो. हरभरा मलाही लागतो. जाळी मात्र पुन्हा लावली नाही. चार पाट्या कमी होतील.

तुम्ही रेहेकुरीला जाल तर जरूर जा. जाताना रस्त्याकडेच्या पिकाभोवती लुगडी-साड्या फडफडताना दिसतील. तिथंही घडीभर थांबा. अभयारण्याची खरी हद्द तिथवर आहे.