ट्रॅक्टरचा गुन्हा काय?

वस्तू गुन्हेगार असू शकते का? प्रश्न तर्कटी वाटेल. पण महाराष्ट्रात नदीकाठच्या एखाद्या तहसील कचेरीच्या आवारात डोकावलं, तर जप्त केलेले ट्रॅक्टर आणि डंपर गंजत उभे दिसतात. चालक घरी गेलेला असतो, अडकून पडलेली असते ती गाडी.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ नुसार परवान्याशिवाय वाळू काढली किंवा वाहून नेली, तर बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो आणि वाहन जप्त करता येतं. दंड भरून, हमीपत्र देऊन ते सोडवता येतं. शिवाय केंद्राचा १९५७ चा खाण कायदा आहे. त्याखाली वाहन सरकारजमा करायचं तर न्यायालयाचा आदेश लागतो. आणि २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘दिल्ली राज्य विरुद्ध संजय’ या निकालात स्पष्ट केलं, की नदीतली वाळू चोरणाऱ्यावर दंडसंहितेखाली चोरीचाही खटला चालू शकतो.

एका ट्रॉलीवर असे तीन कायदे. म्हणूनच उच्च न्यायालयात याचिका येत राहतात: नोटीस दिली होती का? बाजू ऐकली का? ज्याने जप्ती केली त्याला तो अधिकार होता का? या प्रश्नांना पळवाटा म्हणून हसणं सोपं आहे. पण कर्ज काढून ट्रॅक्टर घेतलेल्या माणसाला सहा महिन्यांचा उशीर हीच शिक्षा असते. पुढे आदेश रद्द झाला तरी हुकलेली पेरणी परत येत नाही आणि बँकेचा हप्ता थांबत नाही.

अर्थात दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. सोडलेली गाडी पुन्हा नदीपात्रात उतरू शकते. दंड धंद्याच्या खर्चात धरला जातो. वाळू नदीचं पाणी धरून ठेवते, जमिनीत मुरवते. ती उपसली की काठच्या विहिरी आटतात. त्या विहिरींचा मालक याचिकेत कुठेच नसतो. वाहनमालक आणि सरकार यांच्या भांडणात नुकसान मात्र तिसऱ्याचंच होतं.

अमेरिकेतल्या वाचकांना हा पेच ओळखीचा वाटेल. १९९६ च्या बेनिस खटल्यात नवऱ्याच्या गुन्ह्यापायी बायकोची निम्मी मालकी असलेली गाडी गेली, आणि सर्वोच्च न्यायालयाने ते योग्य ठरवलं. २०१९ च्या टिम्ब्स खटल्यात मात्र सूर वेगळा होता. ज्या गुन्ह्याला कमाल दंड १०,००० डॉलर, त्यासाठी सुमारे ४२,००० डॉलरची गाडी घेतली होती. अवाजवी दंडाविरुद्धचं संरक्षण राज्यांनाही बांधील आहे, असं न्यायालयाने सांगितलं. पहिल्या खटल्यात प्रश्न होता मालकाला माहिती होती का, हा. दुसऱ्यात, शिक्षा प्रमाणात आहे का, हा. आपल्या वाळूच्या गाड्यांनाही हेच दोन प्रश्न विचारायला हवेत.

मला वाटतं, थांबवणं आणि शिक्षा करणं यांतला फरक आपण पुसून टाकला आहे. संशयावरून गाडी रात्रीच्या रात्री थांबवावी. नदीसाठी ते गरजेचं आहे. शिक्षा मात्र ऐकून घेतल्यावरच व्हावी. सुंदरभाई देसाई प्रकरणात २००२ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने मार्ग दाखवला होता: पंचनामा करा, छायाचित्रं घ्या, हमी घ्या आणि गाडी पोलीस ठाण्यात कुजवू नका. पुन्हा पुन्हा पकडल्या जाणाऱ्यांना हीच सवलत द्यायचं कारण नाही.

आणि साखळीचं दुसरं टोक? ती वाळू कुठेतरी जातेच. इमारत कोणी जप्त करत नाही. पुण्या-नाशिकात फ्लॅट घेताना आपण इथून फोनवर सातबारा विचारतो, रेरा नोंदणी तपासतो, कुणी वास्तुशास्त्रही पाहतो. ही वाळू कुठल्या घाटावरची, तिचा वाहतूक परवाना होता का, हे बिल्डरला आपल्यापैकी किती जण विचारतात? ट्रॅक्टर रस्त्यावर असतो, म्हणून हाताला लागतो. ज्याच्यासाठी तो रात्री नदीत उतरला, तो आपल्यासारखाच कुणीतरी घराच्या चावीची वाट पाहत असतो.