अपील चालू असता ताबा काढावा काय?

वरिष्ठांकडे अपील चालू असता, खालच्या हुकमाप्रमाणे मनुष्यास घरातून अथवा शेतातून काढावे काय? हा प्रश्न केवळ वकिलांचा नव्हे, नीतीचाही आहे. पेठ व सुरगाणा तालुक्यांतील कित्येक बंधूंस तो अनुभवाने ठाऊक आहे.

2018 च्या मार्चात नाशिकाहून हजारो शेतकरी पायी मुंबईस गेले. वनजमिनीचे हक्क मिळावेत ही त्यांची एक मुख्य मागणी होती. पुढे 13 फेब्रुवारी 2019 रोजी सर्वोच्च न्यायालयाने, ज्यांचे वनहक्क दावे अखेर नामंजूर झाले त्यांस जमिनीवरून काढावे, अशी महाराष्ट्रासह अनेक राज्यांस आज्ञा केली. देशभर दहा लाखांहून अधिक दावे नामंजूर झालेले होते. परंतु 28 फेब्रुवारीस त्याच न्यायालयाने तो हुकूम तहकूब ठेविला, आणि दावेदारांस पुरावा देण्याची संधी मिळाली काय, निर्णय सकारण दिले काय, हे राज्यांनी प्रतिज्ञापत्राने कळवावे असे फर्माविले.

कोणी म्हणेल, "निकाल लागला तो लागला, विलंब हाही अन्यायच." यांत तथ्य आहे. जिंकलेल्याचा हक्क अडकून पडतो. आणि अरण्य ही देखील देवाची ठेव आहे, तिचे रक्षण मागणारा आपला वैरी नव्हे. तथापि दोन्ही हानी तोलून पाहा. जिंकलेला काही काळ थांबला तर त्याचे नुकसान बहुधा भरून देता येते. पण झोपडी मोडली, नागलीचे उभे पीक गेले, मुले शाळा सोडून आईबापांमागे मजुरीस गेली, आणि मग अपिलात न्याय मिळाला, तर तो कोणत्या कामाचा? जे परत करता येत नाही ते करण्यापूर्वी थांबावे, हाच तहकुबीचा नैतिक पाया होय.

मात्र तहकुबी म्हणजे विजय नव्हे. 1908 च्या दिवाणी कायद्याप्रमाणे नुसते अपील केल्याने हुकूम थांबत नाही. अर्ज विनाविलंब करावा लागतो, भारी नुकसानीचे कारण दाखवावे लागते, जामीनही द्यावा लागतो. भाडेकरूस तहकुबी देताना जागेचा वाजवी मोबदला भरण्याची अट घालता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2004 साली ठरविले. ज्याने आपल्यासाठी थांबावे त्याचेही आपण देणे लागतो.

लूककृत शुभवर्तमानाच्या 13 व्या अध्यायातील माळी आठवा. निष्फळ अंजिराचे झाड तोडण्याचा हुकूम झाला असता त्याने एक वर्षाची मुदत मागितली. पण ती स्वस्थ बसण्यासाठी नव्हे, तर भोवती खणून खत घालण्यासाठी. शेवटचा निर्णय त्याने धन्याकडेच ठेविला.

म्हणून, उपदेशक बंधूंनो, मंडळीतील कोणाचा वनहक्क दावा नामंजूर झाला तर त्यास निर्णयाचा कागद वाचून दाखवा. वरच्या समितीकडे दाद मागण्यास 60 दिवसांची मुदत आहे, ती चुकू देऊ नका. वृद्धांच्या जबान्या व जुने कागद गोळा करा, पण खोटी साक्ष कोणासही शिकवू नका. तहकुबीच्या आडून नवे जंगल तोडू नका. आणि उद्या आपणच जिंकलेल्या पक्षी असलो, व हरलेला अपिलापुरती मुदत मागू लागला, तर आपणही अशाच मुदतीवर जगत आहो हे विसरू नका. कारण आपणांवरील दंडाज्ञा देवाने आपल्या दयेने आजवर थांबविली आहे.