घराच्या जमिनीखाली

शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे. डेक्कन कॉलेजच्या सांकलिया, ढवळीकर, अन्सारी या मंडळींनी १९६८ पासून पुढे अनेक वर्षं तिथली पांढर, म्हणजे जुन्या वस्तीचं मातीचं टेकाड, खणली. खाली साडेतीन हजार वर्षांपूर्वी वसलेलं शेतकऱ्यांचं गाव निघालं. जव पिकवणारं, शेताला पाट काढणारं.

मला मात्र त्या गावातले रांजण विसरता येत नाहीत. करडे, हाताने थापलेले, जाड अंगाचे. घराच्या जमिनीत खड्डा घ्यायचा, दोन रांजण आडवे ठेवायचे, तोंडाला तोंड भिडवायचं आणि आत दगावलेलं तान्हं मूल. वर पुन्हा जमीन चोपायची. त्याच जमिनीवर उद्या चूल पेटणार, घरातली बाकीची पोरं रांगणार.

मोठ्या माणसांना पुरताना त्यांची पावलं घोट्याखाली तोडत. मेलेल्याने घर सोडून जाऊ नये म्हणून, असा अभ्यासकांचा तर्क. पाच खोल्यांच्या एका घराच्या अंगणात मात्र चार पायांच्या मातीच्या रांजणात बसवलेला पुरुष सापडला आणि त्याची पावलं शाबूत होती. तो गावचा प्रमुख असावा म्हणतात.

त्या लोकांची भाषा गेली, देव गेले, नाव तर एकही उरलं नाही. पण खड्ड्यापाशी ओणवं होऊन दोन रांजणांची तोंडं जुळवणारे हात मला दिसतात. तान्ह्या मुलाला आपणही अग्नी देत नाही, पुरतो. ते आपले पूर्वज होते की नाही, याने मला फरक पडत नाही. घरातलं मूल गेल्यावर माणसाला त्याला लांब ठेववत नाही, एवढं त्या मातीतून कळतं आणि तेवढं पुरतं.

हे कळलं कशामुळे? रांजणांमुळे नव्हे, ते जसे होते त्यामुळे. आडवे, तोंडाला तोंड, घराच्या आत. कुणी ते आधीच उपसून विकले असते, तर दुकानाच्या फळीवर नुसती दोन जुनी भांडी उरली असती, मूल आणि आई-बाप दोन्ही पुसले गेले असते.

आपल्याकडे पांढरीची माती गाडीने शेतात नेऊन टाकतात, विटांनाही वापरतात. तिच्यात गावंच्या गावं जातात. तेव्हा नांगराला रांजणाचा काठ लागला, तर कृपा करून तो उचलू नका. नांगर थांबवा आणि पुरातत्त्व खात्याला कळवा.