जाळ्याला चेहरा नसतो

रघुवंशाच्या तेराव्या सर्गात राम पुष्पक विमानातून सीतेला खालचा समुद्र दाखवतो. नदीच्या मुखाशी तोंड उघडून पाण्यासकट त्यातले जीव आत घेणारे आणि मग तोंड मिटून डोक्यावरच्या भोकातून फवारे उडवणारे तिमी तिथे आहेत. प्राणिशास्त्राच्या हिशेबाने कालिदासाची थोडी गल्लत झाली आहे. तोंडात घेतलेलं पाणी देवमासा गाळून तोंडावाटेच सोडतो. डोक्यावरून उडतो तो त्याच्या उच्छ्वासाचा फवारा. पण गाळून खाणं आणि डोक्यावरचं श्वासरंध्र, या दोन्ही गोष्टी उज्जयिनीशी ज्याचं नाव जोडलं जातं त्या कवीपर्यंत पोचल्या होत्या, हे काही थोडं नाही. कुणा नाखव्यानेच सांगितल्या असणार.

तेच दृश्य होडीतून कसं दिसतं, ते एरियनच्या ‘इंडिका’त आहे. इ.स.पू. ३२५ मध्ये सिकंदराचा सरदार निआर्कस सिंधूच्या मुखातून निघून मकरानच्या किनाऱ्याने चालला होता. समोर पाण्याचे उंच फवारे दिसले आणि खलाशांच्या हातून वल्ही गळून पडली. निआर्कसने नावा युद्धासारख्या रांगेत लावल्या, तुताऱ्या फुंकायला लावल्या, आरडाओरडा करत त्या जनावरांवर चाल केली. देवमासे घाबरून खाली गेले. राम-सीतेला असं काही करावं लागलं नाही. ती दोघं वर होती.

धाराशिव जिल्ह्यातली आम्ही माणसं समुद्राच्या बाबतीत जन्मजात पुष्पकात बसलेली आहोत. रत्नागिरी इथून रस्त्याने चारशे किलोमीटरच्या आसपास. संबंध तसा जुना आहे, पण तो मालापुरता: पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’मध्ये आमच्या तेरचं, म्हणजे तगरचं, नाव आहे, तिथला माल गाड्यांवर लादून भडोचच्या बंदरात जायचा. तुळजापुरात आराधिणींच्या गळ्यात कवड्यांच्या माळा असतात. देवळाच्या वाटेवरच्या दुकानांतून त्या टांगलेल्या दिसतात. बारीक दातेरी फटीची, गुळगुळीत पाठीची ती पिवळट कवडी म्हणजे समुद्रातल्या एका गोगलगायीचं घर. ते अंगावर घालून जोगवा मागता मागता कितीतरी पिढ्या गेल्या, आतल्या जिवाची चौकशी कुणी केल्याचं ऐकिवात नाही. आठवडी बाजारात पोत्यावर सुकट आणि बोंबील मांडलेले असतात, त्यांचीही कुणी करत नाही. देवमाशाचं नाव वर्तमानपत्रात येतं ते बहुधा ‘उलटी’मुळे: पुण्यात, सांगलीत, कोल्हापुरात कोट्यवधींची उलटी पकडली म्हणून. जनावर जिवंत असं दिसतं ते फक्त पडद्यावर.

आणि पडद्यावर ते फार सुंदर दिसतं. व्हेल-डॉल्फिन वाचवण्याच्या चित्रपटांची एक परंपराच झाली आहे. त्यातला मला सर्वांत अस्वस्थ करणारा म्हणजे लुई सिहोयोस यांचा ‘द कोव्ह’ (२००९). जपानमधल्या ताइजी गावच्या खाडीत डॉल्फिन हाकत आणून मारतात, ते टिपायला या मंडळींनी खोट्या दगडांत कॅमेरे लपवले आणि रात्री चोरून ते खाडीच्या काठी ठेवले. शेवटी लालभडक झालेलं पाणी दिसतं. चित्रपटाचा नायक रिक ओबॅरी हा साठच्या दशकात ‘फ्लिपर’ या मालिकेसाठी डॉल्फिन शिकवणारा माणूस. ज्या मालिकेने जगाला डॉल्फिनचा लळा लावला, तिनेच डॉल्फिन टाक्यांत कोंडायचा धंदा वाढवला, हे तो स्वतः सांगतो. मायेने पाहणाराही कुठेतरी देणं लागतो, हे ज्याला उमगलं असा या सगळ्या परंपरेत मला तो एकच माणूस वाटतो. चित्रपटाला ऑस्कर मिळालं, आणि योग्य मिळालं.

माझी तक्रार आहे ती अशा चित्रपटांच्या गरजेबद्दल. त्यांना खलनायक लागतो. भाला हवा, रक्त हवं, कॅमेऱ्यावर धावून येणारा माणूस हवा. जगभरात दरवर्षी अंदाजे तीन लाख व्हेल, डॉल्फिन आणि त्यांचे भाऊबंद मरतात ते मात्र दुसऱ्याच कशासाठी टाकलेल्या जाळ्यांत अडकून. डॉल्फिनला कल्ले नाहीत, त्याला हवेसाठी वर यावंच लागतं. उभ्या जाळ्यात गुरफटला की तो गुदमरतो. रात्री, पाण्याखाली, आवाज न करता. तिथे कॅमेरा लपवायला दगड नाही. जाळं टाकणाऱ्याला डॉल्फिन नकोच असतो. त्याला मासळी हवी असते, आणि ती त्याच्या घाटावरच्या गिऱ्हाइकांना हवी असते. ताइजीच्या कोळ्यावर दात-ओठ खाणं सोपं आहे. सुकट-बोंबलाच्या पोत्यापाशी उभं राहून कुणावर खायचे?

म्हणून चित्रपट निरुपयोगी, असं म्हणणं मात्र शुद्ध कृतघ्नपणा होईल. माइक पांडे यांनी गुजरातच्या किनाऱ्यावर होणारी व्हेल शार्कची कत्तल ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’मध्ये दाखवली, आणि २००१ मध्ये भारताने त्या माशाला वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत घातलं. (व्हेल शार्क हा व्हेल नव्हे, मासाच, पण नशीब दोघांचं सारखंच होतं.) ‘ब्लॅकफिश’ २०१३ मध्ये आला आणि तीन वर्षांत अमेरिकेतल्या सीवर्ल्डने आपल्याकडच्या ओर्कांची पैदास थांबवली. त्याच २०१३ च्या मे महिन्यात आपल्या केंद्र सरकारने डॉल्फिनचे खेळ करणारी केंद्रं उघडायला बंदी घातली. त्या परिपत्रकात डॉल्फिनला मनुष्येतर व्यक्ती मानावं, या शास्त्रज्ञांच्या मताचाही उल्लेख आहे. सरकारी कागदावर असं वाक्य येतं तेव्हा ते पुन्हा वाचावंसं वाटतं.

मला विचाराल तर या विषयावरचे सर्वांत खरे चित्रपट आपल्याच किनाऱ्यावर निघत आहेत, आणि त्यांना कुठल्याही महोत्सवात जागा मिळणार नाही. २०१८ च्या डिसेंबरपासून महाराष्ट्रात एक योजना आहे. जाळ्यात संरक्षित जनावर सापडलं, म्हणजे कासव, डॉल्फिन, व्हेल शार्क, तर कोळ्याने जाळं कापून ते सोडून द्यायचं. जाळ्याच्या नुकसानीपोटी जास्तीत जास्त २५ हजार रुपये मिळतात. पुरावा म्हणून सोडतानाचे फोटो किंवा चित्रफीत द्यावी लागते. कांदळवन कक्ष आणि मत्स्यव्यवसाय विभाग ते तपासतात. त्यामुळे होडीवरचा एक जण जाळं कापतो आणि दुसरा मोबाइल धरतो. चित्र हलतं, इंजिनाची घरघर मध्ये येते, कुणीतरी ‘अरे कापा, कापा’ म्हणून ओरडत असतं. संगीत नाही, निवेदक नाही. शेवटी जनावर निसटतं आणि होडीत फाटकं जाळं उरतं. ‘द कोव्ह’मध्ये न दिसलेली गोष्ट इथे दिसते: वाचवणाऱ्याला त्याची किंमत पडते, आणि ती तो कॅमेऱ्यासमोर मोजतो.

असल्या चित्रफितींचा शेवट दर वेळी गोड होतो असंही नाही. २०२३ च्या दिवाळीत गणपतीपुळ्याच्या किनाऱ्याला देवमाशाचं सुमारे वीस फुटी पिल्लू लागलं. वनखातं, पोलीस, गावकरी यांनी त्याला ओलं ठेवलं, जेसीबी आणला, पट्टे बांधले, भरतीची वाट पाहिली. जवळजवळ दोन दिवसांच्या खटपटीनंतर त्याला खोल पाण्यात ओढून नेलं, तेव्हा जमलेल्यांनी जल्लोष केला. ती दृश्यं घाटावर आमच्या फोनवर फराळाच्या फोटोंसोबत आली. पिल्लू मेल्याची बातमी त्यानंतर आली, ती मात्र फारशी कुणी पुढे पाठवली नाही.

किनाऱ्यावरच्या माणसाकडून आम्ही जी अपेक्षा करतो, तीच आमच्याकडून करायची पाळी २०२४ च्या डिसेंबरात आली. आमच्या येडशीच्या रामलिंग घाट अभयारण्यात ट्रॅप कॅमेऱ्याने एक वाघ टिपला. यवतमाळच्या टिपेश्वरहून तो चालत आला होता, शेकडो किलोमीटर, शेतं आणि हमरस्ते ओलांडत. पहिले काही दिवस कौतुकाचे. मग जनावरांवर हल्ले झाले, रात्री पाणी द्यायला शेतात जायचं कसं, हा प्रश्न आला आणि सूर पालटला. त्याला पकडून सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात न्यायचं ठरलं, ताडोब्याहून पथक आलं, वाघ काही सहजासहजी हाती लागला नाही. भरपाईची सोय इथेही आहे आणि तिचीही अट पुराव्याचीच: पंचनामा होईपर्यंत मेलेलं वासरू जागचं हलवायचं नाही. तेव्हा मालवणात किंवा रत्नागिरीत कुणीतरी त्या वाघाचा फोटो बघून ‘राहू द्या की त्याला तिथेच’ असं म्हणालंही असेल. त्यांचं चूक म्हणता येणार नाही. फक्त सकाळी उठून गोठ्यात किती जनावरं उरली ते बघायची वेळ त्यांच्यावर नव्हती.