राखणदार कोण?

शास्त्रवाचन : १ शमुवेल १४:२४–३२, उत्पत्ती २:१५



दिल्ली–जयपूर महामार्गावरील मानेसर हे नाव आज मोटारींच्या कारखान्यांमुळे सर्वपरिचित झाले आहे. ज्या अरवलीच्या पायथ्याशी ही औद्योगिक वसाहत उभी आहे, त्याच डोंगररांगेत पूर्वेकडे, फरीदाबाद जिल्ह्यात, एक विलक्षण अरण्य आहे. त्याला मांगर बणी म्हणतात. भोवतालच्या टेकड्या खाणींनी पोखरल्या गेल्या. परंतु या दरीतील धौ वृक्षांची दाट राई टिकून राहिली. गावकऱ्यांची श्रद्धा अशी की, हे गुदरिया दास बाबांचे स्थान आहे. येथील फांदी तोडणाऱ्याचे अनिष्ट झाल्यावाचून राहत नाही. धौ हा आपल्या धावड्याच्या जातकुळीतला वृक्ष. शेळ्यांनी सतत ओरबाडला, तर तो जमिनीसरपट पसरत राहतो. राखला गेला, तरच ताठ उभा राहतो. बणीतला धौ ताठ उभा आहे.

ही गोष्ट आपल्याला परकी नाही. सह्याद्रीतील देवराया अशाच राखल्या गेल्या. माधव गाडगीळ व डॉ. वर्तक यांनी १९७० च्या दशकात त्यांचा अभ्यास केला, तेव्हा इतरत्र नाहीशी झालेली झाडे तेथे उभी असलेली आढळली. कोकणात व गोव्यात तर वेशीवरच्या अदृश्य ‘राखणदारा’ची आण गावोगाव पाळली जाते. रात्री त्याच्या काठीचा आवाज येतो, असे वडीलधारी माणसे सांगत.

आपण ख्रिस्ती लोकांनी याविषयी काय म्हणावे? एक जण म्हणतो, “ही निव्वळ अंधश्रद्धा आहे, प्रभूने आपल्याला भुताखेतांच्या भयातून सोडवले आहे.” दुसरा म्हणतो, “असेना का भय! त्यामुळे झाडे तर वाचतात.” दोन्ही उत्तरांत सत्याचा अंश आहे, पण पवित्र शास्त्र आपल्याला याहून खोल नेते.

शौलाच्या लढाईचा तो दिवस आठवा. सायंकाळपूर्वी जो अन्न खाईल तो शापित, अशी आण राजाने लोकांना घातली होती. सैन्य एका रानात आले, तो तेथे मध ठिबकत होता. इब्री भाषेत रानाला ‘याअर’ म्हणतात, आणि त्याच वृत्तांतात मधाच्या पोळ्यासाठी जो शब्द येतो तोही याच अक्षरांचा आहे. जणू रान आणि माधुर्य एकाच शब्दात नांदतात. परंतु भुकेने व्याकूळ झालेल्या एकाही सैनिकाने हात तोंडाशी नेला नाही. शापाने देवाच्या देणगीला कुंपण घातले होते.

योनाथानाने ती आण ऐकली नव्हती. त्याने हातातल्या काठीचे टोक पोळ्यात बुडवले, मध चाखला आणि त्याचे डोळे टवटवीत झाले. बंधुभगिनींनो, येथे क्षणभर थांबा. तो निर्भय होता, तरी त्याने पोळे उपटून नेले नाही. काठीच्या टोकावर मावेल तेवढेच त्याने घेतले व तो पुढे चालू लागला. आणि दिवसभर शापाच्या धाकाने गप्प राहिलेले लोक? सायंकाळी ते लुटीवर तुटून पडले. जनावरे जमिनीवरच कापून त्यांनी रक्तासकट मांस खाल्ले. धाकाने आवरलेला हात धाक सरताच असा सुटतो.

बणीचेही काहीसे तसेच झाले. कुऱ्हाड घेऊन येणाऱ्याला शापाची भीती वाटते. पण कागदावर जमीन विकत घेणाऱ्याला कसली भीती? गावकीची सामायिक जमीन खासगी नावांवर गेली, पुष्कळशी बाहेरच्यांच्या हाती पडली, आणि बाबांच्या आणेला तेथे काही चालेना. अखेर २०१६ साली हरियाणा सरकारने बणी व तिच्याभोवतीचा पट्टा बांधकामास वर्ज्य ठरवला. यामागे ज्यांनी अनेक वर्षे झटून पाठपुरावा केला, ते काही केवळ शापाला भिऊन उभे राहिले नव्हते. त्यांना त्या रानाची माया होती.

आता उत्पत्तीच्या दुसऱ्या अध्यायाकडे वळा. देवाने मनुष्याला बागेत ठेवले ते कशासाठी? आपल्या मराठी शास्त्रात तेथे ‘मशागत’ व ‘राखण’ हे दोन शब्द आहेत. मशागतीसाठी मूळ इब्री क्रियापद तेच, जे देवाच्या सेवेसाठी योजले जाते. आणि राखणीसाठीचे क्रियापद तेच, जे गणनेच्या सहाव्या अध्यायातील याजकीय आशीर्वादात परमेश्वराविषयी येते. तो जसा आपले संरक्षण करतो, तसे आपण त्याच्या भूमीचे करावे. वेशीवरचा राखणदार कोण, याचे उत्तर शास्त्राने पहिल्याच पानांत देऊन ठेवले आहे. तो राखणदार म्हणजे तू आणि मी.

प्रेषित पौल गलतीकरांना लिहितो की, ख्रिस्त आपल्यासाठी शाप झाला व त्याने आपल्याला शापातून सोडवले. त्याच पत्रात पुढे तो बजावतो की, ही मोकळीक देहवासनेला वाव देण्यासाठी नसून प्रीतीने सेवा करण्यासाठी आहे. शापातून सुटलेल्या आपल्या हातांनी काय राखले आहे? आपल्या मिशन कंपाऊंडांतून व दफनभूमींतून जुन्या मिशनऱ्यांच्या व पूर्वजांच्या हातचे वड आणि चिंचा उभ्या आहेत. दुकानांचे गाळे काढण्यासाठी त्या तोडण्याचा ठराव मंडळीपुढे येतो, तेव्हा कोणत्याही भुताची भीती आपल्याला अडवत नाही. मग काय अडवते? काहीच अडवत नसेल, तर शेजारचा गावकरी आपल्या भोळ्या भयाने देवाच्या सृष्टीशी आपल्यापेक्षा अधिक इमानी राहिला, असे कबूल करावे लागेल. मूर्ती काहीच नाही, हे ज्ञान आपल्याला आहे. परंतु ज्ञान फुगवते आणि प्रीती उभारणी करते, हेही पौलानेच करिंथकरांना शिकवले.

म्हणून, प्रिय वाचकहो, असा ठराव तुमच्या मंडळीत आला, तर उठून बोला. आवारातील झाडांची नोंद करा, मुलांना त्यांची नावे शिकवा, वठलेल्याच्या जागी नवे लावा. आणि जे घ्यावे लागेल, ते योनाथानाप्रमाणे काठीच्या टोकावर मावेल तेवढेच घ्या.

प्रार्थना : हे सृष्टीच्या प्रभू, तू आम्हांला भयातून सोडवलेस, त्याबद्दल तुझे आभार मानतो. आमच्या मोकळ्या हातांना तुझी राखण शिकव. येशूच्या नावाने मागतो. आमेन.