तब्येतीसाठी

वाशिममध्ये ‘परमिट रूम’ ही पाटी शंभरदा वाचली, पण परमिट कसलं, हे कधी विचारलं नाही. १९४९च्या दारूबंदी कायद्यानुसार महाराष्ट्रात परवान्याशिवाय पिणं आजही गुन्हा आहे. आणि परवाना मिळतो तो आरोग्य राखण्यासाठी! बारला एफएल-३, सभासदांच्या क्लबला एफएल-४. पिणारा दोन्हीकडे कागदावर तब्येतच सांभाळतो.

माझा आक्षेप पिण्याला नाही. सगळेच मोडतात तो कायदा कुणावर लावायचा, हे शिपायाच्या मर्जीवर उरतं. क्लबच्या भिंतीआड तो सहसा जात नाही. बाभळीखाली क्वार्टर घेऊन बसलेला मजूर सापडतो.

मग कायदाच काढावा? आडव्या बाटलीला मत देऊन दुकान बंद पाडणाऱ्या बाया म्हणतील, उलट कडक करा. त्यांना काय उत्तर द्यावं, मला अजून सुचलेलं नाही.